बंद इंजिनाचा रेडिओ व ट्रॅक्टरची बॅटरी

कांद्याच्या हंगामांत वैजापूरच्या बाजाराच्या आवाराकडे रात्रीं नऊनंतर जो कोणी जाईल, त्यास ट्रॅक्टरांची लांब रांग उभी असलेली दिसेल. ट्रॉल्यांवर ताडपत्र्या ओढलेल्या असतात, इंजिनें बंद असतात. तरीही रांग मुकी नसते. कोठें भजन, कोठें लावणी, कोठें क्रिकेटच्या सामन्याचें धावतें वर्णन, तर कोठें बातम्या. सकाळच्या लिलावापर्यंत जागावयाचें, मालावर नजर ठेवावयाची, थंडी सोसावयाची. अशा वेळीं सोबतीस आवाज हवासा वाटला तर त्यांत नवल नाहीं. त्या करमणुकीस आमची मुळींच हरकत नाहीं. आम्हांस लिहावयाचें आहे तें पहांटे होणाऱ्या फजितीविषयीं, आणि त्या फजितीचा दोष चुकीच्या ठिकाणीं लावला जातो त्याविषयीं.

मागील वर्षीं माघांत आम्ही स्वतः या रांगेंत एक रात्र काढली. आमच्यापुढें चौथा ट्रॅक्टर एका तरुण शेतकऱ्यानें भाड्यानें आणलेला होता. त्याच्या टेपनें रात्रभर सगळ्या रांगेस जागें ठेविलें. सकाळीं लिलाव झाला, भावही बरा पुकारला गेला. माल काट्यावर नेण्यासाठीं त्यानें सेल्फ मारला, तों 'टक्' असा एकच आवाज झाला आणि समोरचे दिवे विझल्यासारखे झाले. टेप मात्र पुन्हां गाऊं लागला! मग ट्रॉली सोडा, माणसें गोळा करा, धक्का मारा, असा सर्व प्रकार झाला. मागच्या लोकांचीं बोलणीं खावीं लागलीं, काट्यावरील नंबर गेला, व्यापाऱ्याच्या खळ्यावर माल उतरेपर्यंत दिवस मावळला, आणि ट्रॅक्टरचें एका दिवसाचें भाडें अंगावर पडलें. "रेडिओनें घात केला," असें तो म्हणाला. रांगेंतील जाणत्या मंडळींनीही माना डोलावल्या.

आम्हांस तें तेव्हांही पटलें नाहीं, आजही पटत नाहीं. हिशेब करून पाहूं.

चाळीस-पन्नास अश्वशक्तीच्या ट्रॅक्टरला साधारणतः 12 व्होल्टची, 75 ते 100 अँपिअर-तासांची बॅटरी असते. 75 अँपिअर-तास याचा अर्थ असा कीं, नवी व पूर्ण भरलेली बॅटरी पावणेचार अँपिअरचा प्रवाह वीस तास देऊं शकेल. प्रवाह जितका जोराचा ओढावा तितका एकूण साठाही कमी हातीं लागतो, हें ध्यानांत असूं द्यावें. आतां साधा रेडिओ, बेताच्या आवाजांत, अँपिअर-दीड अँपिअरहून अधिक खात नाहीं. रात्रीं नऊपासून पहांटे सहापर्यंत नऊ तास तो चालला तरी नऊ ते तेरा-चौदा अँपिअर-तास खर्च झाले. धडधाकट बॅटरीस हें कांहींच नव्हे.

परंतु हल्लीं रेडिओ एकटा कोठें असतो? त्याच्या पाठीमागें ॲम्प्लिफायर, मडगार्डवर दोन कर्णे, आसनाखालीं धडधडणारी पेटी, असा सारा वऱ्हाडाचा थाट असतो. हें सर्व मोठ्या आवाजांत चालविल्यास दहा अँपिअर सहज जातात. सहा तासांत साठ. त्यांतच पुढचे दोन दिवे लावून ठेविले, तर प्रत्येकीं 55 वॅटचे असल्यास दोहोंचे मिळून नऊ अँपिअर आणखी. आणि बॅटरी तीन-चार वर्षांची असेल तर तिच्या अंगावर 75 हा आंकडा छापलेला असला तरी पोटांत कदाचित् निम्मेंच उरलेलें असतें. आमच्या त्या तरुण मित्राच्या ट्रॅक्टरवर हे तिन्ही योग जुळून आले होते. एवढें असून नांव मात्र बिचाऱ्या रेडिओचें.

येथें एक शंका हटकून निघते: बॅटरी संपली होती, तर टेप शेवटपर्यंत वाजत कसा राहिला? याचें उत्तर शेतकऱ्यास विहिरीवरून चटकन् समजेल. विहिरींत हातभर पाणी उरलें असतां घागर बुडते, पिण्यापुरतें पाणी मिळतें. पण त्याच विहिरीवर मोट चालत नाहीं. रेडिओ ही घागर होय आणि सेल्फ ही मोट. डिझेल इंजिन फिरविण्यास सेल्फ दोनशें-तीनशें अँपिअर एकदम ओढतो. दोन-तीन सेकंदांचेंच काम असल्यामुळें एकूण खर्च अत्यल्प होतो, अँपिअर-तासाच्या पांचव्या हिश्श्याच्या आसपास. परंतु तेवढ्या क्षणीं तो जोर बॅटरींत असावा लागतो. म्हणून रेडिओ वाजतो आहे याचा अर्थ ट्रॅक्टर चालू होईल, असा कधींही घेऊं नये. पुष्कळांची फसगत येथेंच होते. पौष-माघाच्या थंडींत तर इंजिनांतील तेल घट्ट होतें, सेल्फला अधिक जोर लागतो, आणि गारठ्यानें बॅटरीचा जोर मात्र उतरतो. म्हणजे दोन्हीं बाजूंनीं ओढाताण.

पूर्वीं इंजिन हँडल मारून चालू करीत. मोटारींस विजेचा सेल्फ प्रथम 1912 सालीं अमेरिकेंत कॅडिलॅक गाड्यांवर आला, व हळूहळू हँडल नाहींसें झालें. आज ट्रॅक्टरवर हँडलची सोय नसते. बॅटरी बसली कीं लाखों रुपयांचें यंत्र जागच्या जागीं थांबतें. बैलांस सेल्फ लागत नसे, असें आमचे एक वृद्ध स्नेही म्हणतात, त्यास आमच्याजवळ उत्तर नाहीं.

बॅटरी आणि रेडिओ यांची सोयरीक तशी आपल्या मुलुखास नवी नव्हे. निजामी अमदानींत औरंगाबादेस संस्थानचें नभोवाणी केंद्र होतें. 1948 सालीं संस्थान भारतांत सामील झाल्यावर 1950 मध्यें तें ऑल इंडिया रेडिओकडे गेलें. पुढें 1956 सालीं पुणें केंद्रानें युनेस्कोच्या साह्यानें पांच जिल्ह्यांतील सुमारें दीडशें गांवांत शेतकऱ्यांचीं श्रोतृमंडळें स्थापिलीं. आठवड्यांतून दोनदां अर्ध्या तासाचा कार्यक्रम ऐकावयाचा, मग त्यावर चर्चा करून शंका केंद्रास कळवावयाच्या, असा तो क्रम होता. टाटा समाजविज्ञान संस्थेनें त्याची पाहणीही केली. आपला तालुका तेव्हां हैदराबाद राज्यांत असल्यानें त्या प्रयोगांत नव्हता. ज्या गांवीं वीज पोहोंचलेली नव्हती तेथें रेडिओ म्हणजे बॅटरीवरचाच. ती बॅटरी रेडिओचीच असे. ती संपली तर फार तर एक कार्यक्रम चुके. आज बॅटरी ट्रॅक्टरची आहे आणि रेडिओ तिच्या घरचा पाहुणा आहे, हा फरक आपण विसरतों.

विहिरीचा दाखला वर दिला, पण एका बाबतींत तो लागू पडत नाहीं. उन्हाळ्यांत तळ गांठलेली विहीर पावसाळ्यांत पूर्ववत् भरते. बॅटरीचें तसें नाहीं. शिशाच्या पट्ट्या व गंधकाम्ल यांच्या संयोगानें वीज निघते, तेव्हां पट्ट्यांवर शिशाचें सल्फेट जमतें. लगेच भरणा केल्यास तें विरघळतें. परंतु बॅटरी उतरलेल्या स्थितींत आठवडा-पंधरवडा तशीच राहिली तर त्याचे कठीण खडे बनतात, आणि तेवढा भाग कायमचा निकामी होतो. सेल्फसाठीं बनविलेल्या बॅटरीच्या पट्ट्या पातळ असतात. क्षणभर जोर द्यावा, हा त्यांचा धर्म. रात्रभर झिरपत तळ गांठणें त्यांस सोसत नाहीं. दहा-वीस वेळां असें झालें कीं चार वर्षें टिकणारी बॅटरी दोन वर्षांत बाद होते, आणि मग आपण दुकानदाराशीं वाद घालीत बसतों.

तेव्हां करावें काय? रेडिओ बंद करावा, असें आम्ही सांगणार नाहीं. बाजारांत व्होल्ट दाखविणारा लहान मीटर थोडक्या किमतींत मिळतो; तो जरूर घ्यावा. इंजिन बंद करून तासभरानें, कोणतेंही उपकरण चालू नसतां, 12.6 व्होल्ट दिसल्यास बॅटरी भरलेली आहे; 12.2 म्हणजे निम्मी. त्याखालीं आल्यास रात्रीचें गाणें आवरतें घ्यावें. ज्यांस मोठा आवाज हवाच असेल त्यांनीं सेल्फच्या कामांतून निवृत्त झालेली जुनी बॅटरी ट्रॉलींत ठेवून टेप तिच्यावर चालवावा. मोट तिला ओढवत नसली तरी घागर भरते. ती घरीं वेगळी भरून घ्यावी. ट्रॅक्टरच्या बॅटरीस जोडून ठेवूं नये.

कित्येक जण इंजिनच मंद चालू ठेवितात. त्यांत तासाला लिटर-दीड लिटर डिझेल जातें, आणि मंद गतींत अल्टरनेटर फारसा भरणाही करीत नाहीं. हा सौदा कोणत्याच बाजूनें परवडत नाहीं. पिकअप किंवा मोटारीच्या बंद काचांआड इंजिन चालू ठेवून झोपणें तर जिवावरचें आहे. धुरांतील कार्बन मोनॉक्साइड वायूस रंग नाहीं, वास नाहीं. झोपलेला मनुष्य जागाच होत नाहीं.

बॅटरी बसलीच, तर दुसऱ्या ट्रॅक्टरवरून वायरी लावतांना प्रथम धन टोकें जोडावीं. ऋण वायरीचें शेवटचें टोक बसलेल्या बॅटरीस न लावतां इंजिनच्या उघड्या लोखंडास, बॅटरीपासून दूर, लावावें. बॅटरींतून हायड्रोजन निघत असतो आणि एका ठिणगीनें ती फुटते. बिडी ओढीत जवळ उभें राहणाऱ्यास आधीं दूर सारावें. भरलेल्या ट्रॉलीसकट उतारावर ट्रॅक्टर सोडून चालू करण्याचें धाडस कोणीं करूं नये. चालू झाल्यावर दहा मिनिटें फुरफुर करून तो पुन्हां बंद करणें व्यर्थ आहे. खर्चलेला साठा भरून येण्यास कित्येक तास लागतात. त्यापेक्षां त्याच दिवशीं बॅटरी चार्जिंगला द्यावी, व भरणा क्षमतेच्या दहाव्या हिश्श्यानें, म्हणजे सात-आठ अँपिअरनें, सावकाश करावयास सांगावें. पाणी घालावयाचें तें डिस्टिल्डच. आपल्या विहिरींचें क्षारयुक्त पाणी पिकांसही जड जातें, तें शिशास काय मानवणार?

यंदा त्याच रांगेंत तो तरुण पुन्हां भेटला. ट्रॅक्टर तोच होता, कर्णेही तेच होते. ट्रॉलीच्या कोपऱ्यांत मात्र कांद्यांशेजारीं एक जुनी बॅटरी गोणपाटांत गुंडाळून ठेविलेली होती. पहांटे चारच्या सुमारास तिनें दम सोडला व रांगेंत एकदम शांतता पसरली. सात वाजतां त्यानें सेल्फ मारला आणि इंजिन पहिल्याच झटक्यास चालू झालें.