वाटाण्याचे रोप आणि सरस्वतीबाई

आपल्या गोंदियाकडे धानाचे पऱ्हे रोज पाहतो, पण वाढ काही डोळ्यांना दिसत नाही. दादासाहेब फाळक्यांनी १९१२ च्या सुमारास कुंडीतल्या वाटाण्याचे रोज थोडे थोडे चित्रण केले. महिनाभराची वाढ काही क्षणांत पडद्यावर दिसली! त्यावरच ‘राजा हरिश्चंद्र’साठी कर्ज मिळाले. पुढे गोदावरीचे देखावेही त्यांनी टिपले.

पण रात्री जागून कोऱ्या फिल्मला भोके पाडणे, ती धुणे, तुकडे कापून जोडणे ही कामे पत्नी सरस्वतीबाईंनी केली. शिवाय साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक! देशातील पहिल्या संकलक म्हणून त्यांचे नाव घेतात, तेही फार उशिरा. संकलन म्हणजे निंदणच. नको ते काढायचे, पीक ठेवायचे. लेकीला आवड असेल तर पदवीनंतर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्याचा अभ्यासक्रम आहे.