हजेरीची वही

"मॅडम, कागद म्हणावं असं काही नाही बघा आमच्याकडं," म्हणत तिनं कॅरीबॅग माझ्या टेबलावर उपडी केली. आधार कार्ड, मृत्यूचा दाखला, एफआयआरची घडी पडलेली प्रत, आणि खाली खताच्या दुकानानं दिवाळीत वाटलेली एक डायरी. नवरा गवंडी, वय अडतीस. महामार्गावर ट्रकनं उडवलेला. घरात ती, दोन पोरं आणि सासू.

साताऱ्याच्या कोर्टात वीस वर्षं मी अपघाताचेच दावे चालवते. डायरी उघडली आणि म्हटलं, "हाच की तुमचा कागद!"

आत बॉलपेननं लिहिलेली रोजची हजेरी. 'स्लॅब, पूर्ण.' 'वीटकाम, पूर्ण.' बाजाराच्या दिवशी उचल, पुढं मुकादमाची सही. साडेसातशे रुपये हजेरी, महिन्याचे सरासरी वीस दिवस. म्हणजे पंधरा हजार. शेवटची नोंद, 'प्लॅस्टर, अर्धा.'

भरपाईचा आकडा न्यायाधीशांच्या दयेवर ठरतो असं लोकांना वाटतं. तसं नाही, त्याचं गणित आहे. सर्वोच्च न्यायालयानं 2009 साली सरला वर्मा खटल्यात आणि 2017 साली प्रणय सेठी खटल्यात ते घालून दिलं. हातावर पोट असलेला माणूस चाळिशीच्या आतला असेल तर पुढं कमाई वाढली असती म्हणून 40 टक्के मिळवायचे. पंधराचे एकवीस हजार झाले. घरात खाणारी चार माणसं मागं राहिली, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा. उरले 15,750. वर्षाचे 1,89,000. अडतिसाव्या वर्षाचा गुणक 15, म्हणजे 28,35,000 रुपये. अंत्यविधीचा खर्च, पत्नी-मुलं-आईला सहवास गमावल्याबद्दलची रक्कम आणि व्याज वेगळं.

आता ही डायरी चुलीत गेली असती तर? कमाईचा पुरावा नाही म्हणून कोर्टानं समजा आठ हजार धरले असते. तेच गणित 15,12,000 वर थांबतं. दोनशे रुपयांचीही नसेल ती डायरी, पण तिच्यामागं तेरा लाख तेवीस हजार उभे होते. अर्थात नुसती वही पुरत नाही. मुकादमाला साक्षीला उभं राहावं लागतं, आणि तोच नेमका टाळाटाळ करतो.

बाई गेली असेल तर "ती काय, घरीच असायची" म्हणून घरचेच दावा करत नाहीत. याचा मला फार राग येतो. घरकामालाही उत्पन्न धरून भरपाई द्यायची, हे 2021 च्या कीर्ती खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं पुन्हा बजावलंय.

या घरात अडलं होतं ते सासूपाशी. "लेकाच्या मढ्यावरचं लोणी नको आम्हाला. वर्षश्राद्ध होऊ दे, मग बघू." मी म्हटलं, "मावशी, लेक घरात जे आणत होता तेच मागतोय आपण. आणि ट्रकचा विमा चालू आहे, पैसे कंपनी भरणार." (विमा नसता तर मालकाच्या गळ्यात पडलं असतं.) पण वर्षश्राद्धापर्यंत थांबायला कायदा तयार नाही. 1 एप्रिल 2022 पासून दावा अपघातानंतर सहा महिन्यांत दाखल करायचा, अशी अट आहे. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलंय, पण त्या भरवशावर कुणी बसू नये.

दहाव्याच्या घाटावरच वकीलपत्रावर अंगठा घ्यायला येणारे एजंट मी पाहिलेत. "वीस टक्के आमचे, बाकी तुमचे." भरपाईत टक्केवारी ठरवून फी घ्यायला वकिलाला मनाई आहे, हे त्यांना पक्कं ठाऊक असतं. आणखी एक सांगते. चूक कुणाची हे न बघता मृत्यूबद्दल पाच लाख देण्याची तरतूद कायद्यात आहे. ते पाच लाख स्वीकारले की मोठा दावा संपतो. त्यामुळं विमा कंपनीच्या कागदावर सही करण्याआधी वरचं गणित एकदा मांडून बघा.

गाडी सापडलीच नाही, ठोकून पळाली, तर दोन लाख मिळतात. त्याचा अर्ज कोर्टात नाही, प्रांत किंवा तहसीलदारांकडं करायचा.

आमचा दावा लागला तेव्हा सहा महिने भरायला नऊ दिवस उरले होते. तुमच्या ओळखीत असं घर असेल तर तेरावं झाल्यावर एकदा जाऊन या. ट्रंकेत, उशीखाली, देवघराच्या खणात शोधा. पगाराची चिठ्ठी, बँकेचं पासबुक, मोबाइलवर आलेले पैशाचे मेसेज, उधारीची वही, काहीही असेल. त्यातला एकही कागद रद्दीत घालू नका.