ओव्हन नको, तवा काढा!

मैत्रिणींनो, ‘हौस खूप आहे हो, पण आमच्याकडे ओव्हन कुठलं?’ हे वाक्य भिशीत कितीदा तरी कानावर पडतं. ज्यांची हौस अशी अडून बसलीय, त्यांच्यासाठी आज स्कॉटलंडचे स्कॉन.

हॉटेलात चहासोबत मिळतो तो उंच, फुगलेला स्कॉन ओव्हनमधला. पण जुन्या काळी तिथल्या साध्यासुध्या घरांत ओव्हन नसायचंच. ओट्सचं नाहीतर जवाचं पीठ भिजवायचं, जाड गोल थापायचं आणि चुलीवर टांगलेल्या बिडाच्या तव्यावर भाजायचं. या तव्याला म्हणतात ‘गर्डल’. गॅव्हिन डग्लस या कवीने १५१३ मध्ये पूर्ण केलेल्या काव्यानुवादातही स्कॉनचा उल्लेख आहे. एकोणिसाव्या शतकात खायचा सोडा घरोघरी आला आणि स्कॉन हलके झाले.

लेकीच्या बाळंतपणाला मी ग्लासगोला गेले होते, तेव्हा शेजारच्या आजींनी हे स्कॉन शिकवले. माझं इंग्रजी बेताचंच, पण पीठ आणि तवा दोघींनाही कळत होता! गर्डल त्यांच्या आईचा. ‘मुलं स्कॉन दुकानातून आणतात. माझ्यामागे हा कोण वापरणार?’ त्या म्हणाल्या. मला चटकन माझ्या आईचा भाकरीचा तवा आठवला.

तर कृती अशी. २२५ ग्रॅम मैदा, अर्धा छोटा चमचा खायचा सोडा, एक चमचा साखर आणि चिमूटभर मीठ एकत्र चाळा. ३० ग्रॅम लोणी बोटांनी चोळा. साधारण १५० मिली दाट, आंबट ताक थोडं थोडं घालत हलक्या हाताने गोळा करा. मळायचं मात्र नाही हं, स्कॉन चिवट होतात. ताक आणि सोडा एकत्र आले की वायू तयार होतो आणि त्यानेच स्कॉन फुलतात. म्हणून पीठ भिजवून ठेवू नका. अर्धा इंच जाड थापून चार तुकडे करा.

तव्यावर चिमूटभर पीठ टाका. ते हळूहळू तांबूस झालं की तवा तयार! मंद आचेवर दोन्ही बाजू पाच-सहा मिनिटं भाजा, कडाही टेकवून घ्या. मग आपण पोळ्या ठेवतो तसे स्वच्छ फडक्यात गुंडाळा. गरमागरम असतानाच लोणी आणि जॅम लावून खा.

मी निघाले त्या आठवड्यात आजींनी तो गर्डल लेकीच्या हाती दिला. आता दर रविवारी ती त्यावर स्कॉन भाजते, आणि कधीकधी भाकरीसुद्धा! नॉनस्टिक आल्यापासून तुमच्याही माळ्यावर एखादा बिडाचा तवा पडून असेल. घ्या की खाली!