सोम चाखलेला प्राध्यापक

जोतिबाच्या यात्रेत वाळकी संजीवनी पाण्यात टाकून उलगडून दाखवणारा जडीबुटीवाला दिसला की माझे पाय अजूनही थबकतात. अशा अद्भुत वनस्पतींच्या मागे लागलेले पंडित पुष्कळ. त्यांतला माझा लाडका म्हणजे सोमाच्या, यज्ञात जिचा रस काढत त्या वैदिक वनस्पतीच्या, मागे लागलेला मार्टिन हौग.

सोमाची थोरवी वाचकांना नव्यानं सांगायला नको. ऋग्वेदाचं अख्खं नववं मंडल त्याचंच. सुश्रुतानं तर कमाल केली. सोमाच्या चोवीस जाती सांगितल्या, आणि वर म्हटलं की शुक्ल पक्षात वेलीला रोज एक पान फुटतं, पौर्णिमेला पंधरा होतात आणि वद्य पक्षात रोज एकेक गळून अमावास्येला नुसता दांडा उरतो. अशी वेल सापडणार कुठे?

हौग वुर्टेंबर्गकडच्या एका शेतकऱ्याचा मुलगा. १८५९ मध्ये तो पुण्याच्या सरकारी कॉलेजात संस्कृत शिकवायला आला आणि १८६३ मध्ये त्यानं ऐतरेय ब्राह्मण या यज्ञविषयक ग्रंथाचा मूळ पाठ व इंग्रजी भाषांतर मुंबईत छापलं. नुसती पोथी वाचून यज्ञ कळत नाही, हे त्याला लवकर उमगलं. मग त्यानं सोमयागांत प्रत्यक्ष ऋत्विजाचं काम केलेला एक ब्राह्मण गाठला, त्याला दक्षिणा कबूल केली आणि आपल्याच बंगल्याच्या आवारात, आडोशाला, मुख्य विधी करून दाखवायला लावले. सकाळपासून सूर्यास्तापर्यंत, काही दिवस. हौग शेजारी बसून टिपणं घेत होता. परक्या साहेबापुढे श्रौतकर्म उलगडायचं म्हणजे त्या काळच्या पुण्यात केवढी जोखीम! प्रस्तावनेत त्या याज्ञिकाचा उल्लेख आहे, नाव नाही. मला तर त्या ग्रंथाचा निम्मा कर्ता तोच वाटतो.

सोमरसही हौगनं चाखला, तोही अनेकदा. दक्षिणेतले याज्ञिक वापरतात ती वनस्पती वेदातली नव्हे, असं त्यानं आधीच बजावलं होतं. पुण्याजवळच्या टेकड्यांवरची, चार-पाच फूट वाढणारी, बिनपानांची, झुडूपवजा. चीक पांढुरका, चव तुरट-कडू, थोडी झिंग आणणारी. काही चमच्यांपलीकडे त्याला तो घोटवला नाही. चंद्राबरोबर पानं फुटणारी वेल शोधायला निघावं आणि पानंच नसलेलं झुडूप हाती यावं!

याज्ञिकांची ही सोमवल्ली साधारणपणे रुईच्या कुळातली मानली जाते. वनस्पतिशास्त्रज्ञ रॉक्सबर्गनं तिचं नाव ठेवताना आंबटपणाचं विशेषण लावलं आणि वाटसरू तहान भागवायला तिचे कोवळे कोंब चोखतात, अशी नोंद केली. हौग म्हणतो, कडू आहे, आंबट नाही. दोघांच्या जिभेवर एकच वनस्पती होती का, ही शंका मला सोडत नाही. याच कुळातल्या कंदीलपुष्पांचा, म्हणजे खरचुडीच्या जातींचा, मोठा संग्रह कोल्हापुरात शिवाजी विद्यापीठाच्या वनस्पती उद्यानात प्रा. एस. आर. यादव आणि सहकाऱ्यांनी जमवला. सोमाच्या वेडानं झपाटलेल्यांनी तिथे एकदा जावं; अद्भुताची हौस तिथे पंधरा पानांच्या वेलीवाचूनही फिटते.

हौगच्या ग्रंथावर मात्र जर्मनीत आग पाखडली गेली. यज्ञातले शब्द भारतीय परंपरेला विचारून लावावेत, रोट आणि बोटलिंक यांच्या पीटर्सबर्ग संस्कृत कोशावर विसंबू नये, असा त्याचा आग्रह होता. संस्कृतपंडित आल्ब्रेख्त वेबरनं १८६५ मध्ये लांबलचक लेख लिहून त्याच्या भाषांतराची चिरफाड केली. चुका होत्याच, पण पुण्यात येऊन यज्ञ पाहिलेल्याला बर्लिनमध्ये बसून यज्ञ शिकवावा, हे जरा अतीच. मॅक्सम्यूलर तुलनेनं उदार ठरला.

१८६६ मध्ये हौग परतला, पुढे म्युनिकमध्ये प्राध्यापक झाला आणि १८७६ मध्ये, पन्नाशीही न गाठता, वारला. रोट आणि मंडळींचा सोमावरचा मोठा वाद पेटला तो त्यानंतर. १९६८ मध्ये अळंब्यांचा अभ्यासक वॅसन यानं तर सोम म्हणजे अळंबी ठरवली. मला ते पटलेलं नाही.

पुणे, सातारा, कोल्हापूरकडच्या ज्या श्रौती घराण्यांत जुनी दप्तरं अजून टिकून आहेत, त्यांनी १८६० च्या आसपासचे कागद एकदा चाळावेत. साहेबाच्या आवारात सोम कुटणाऱ्या त्या याज्ञिकाचं नाव कळायला हवं.