घाम इथं, मत तिथं

करमाडहून जालन्याकडे निघालं की सटाणा शिवारात रूळ शेतांच्या मधून जातात. ८ मे २०२० च्या पहाटे सव्वापाचच्या सुमारास इथे मालगाडीने १६ मजुरांना चिरडलं. मध्य प्रदेशातल्या शहडोल आणि उमरिया जिल्ह्यांतले हे लोक जालन्याच्या पोलाद कारखान्यात कामाला होते. भुसावळला पोचलो की गावाकडची गाडी मिळेल, या आशेवर रात्रभर रुळांच्या कडेने चालले आणि थकून रुळांवरच आडवे झाले. टाळेबंदीत गाड्या बंद आहेत, असाच त्यांचा समज. विखुरलेल्या पोळ्यांचे फोटो देशभर फिरले, चार दिवस हळहळ झाली.

मला त्या पोळ्यांइतकेच कागदही छळतात. आंतरराज्य स्थलांतरित कामगारांचा कायदा १९७९ चा. कंत्राटदाराने मजुराला प्रवासभत्ता द्यावा, असं त्यात लिहिलं होतं. १ जानेवारी २०२० पासून १२ राज्यांत एकमेकांची रेशनकार्डं चालू लागली होती. त्यांत महाराष्ट्र होता, मध्य प्रदेशही होता. पण एकट्याने आलेल्या मजुराचं कार्ड बहुधा गावी, बायकापोरांजवळ असतं. त्याच सप्टेंबरात केंद्राने संसदेत सांगितलं की टाळेबंदीत किती स्थलांतरित मजूर मेले याची नोंद नाही. परतलेल्यांचा आकडा मात्र होता: एक कोटीहून अधिक.

त्या कोट्यवधी हातांना गावी काम दिलं ते रोजगार हमीने. २०२०-२१ मध्ये देशात साडेसात कोटींहून अधिक कुटुंबं या कामांवर आली. ही योजना मूळची आपली, वि. स. पागे यांची, १९७२ च्या दुष्काळात खडी फोडणारा मराठवाडा तिला चांगलाच ओळखतो. केंद्राने जून २०२० मध्ये परतलेल्यांसाठी वेगळं गरीब कल्याण रोजगार अभियानही काढलं. सहा राज्यं, ११६ जिल्हे; महाराष्ट्रातला एकही नाही. जणू आपल्याकडे माणसं नुसती येतातच, जात कुणी नाही!

राज्याचं राजकारणही त्याच समजुतीवर चाललं. परप्रांतीय गेले, आता भूमिपुत्रांना संधी, असं म्हणत ६ जुलै २०२० ला 'महाजॉब्स' पोर्टल सुरू झालं. अधिवासाची अट घातली गेली. चार दिवसांनी, १० तारखेला, आपलं औरंगाबाद (आताचं छत्रपती संभाजीनगर) शहर आणि वाळूज पुन्हा कडेकोट बंद झालं. आणि भट्टीपुढच्या धगीत बारा तासांची पाळी करायला कोण तयार होतं, हे पोर्टल थोडंच सांगणार होतं? मजूर पुढे परत आले, कारण शहडोलमध्ये कारखाने उगवले नव्हते.

ते आले, पण मतदार झाले नाहीत. नाव गावच्या यादीत, त्यामुळे इथल्या नगरसेवकाला त्यांची गरज नाही आणि तिथल्या आमदाराला ते दिसत नाहीत. दुसऱ्या राज्यात बसून आपल्या मतदारसंघासाठी मत देता येईल, असं यंत्र दाखवायला निवडणूक आयोगाने १६ जानेवारी २०२३ ला पक्षांना बोलावलं. विरोधी पक्षांनी हरकती घेतल्या आणि गाडं तिथेच अडलं.

हे फक्त परप्रांतीयांचं दुखणं समजू नका. टाळेबंदीत बीडचे ऊसतोड मजूरही पश्चिम महाराष्ट्रातल्या कारखान्यांवर अडकले होते. त्यांच्या परतीचा आदेश निघायला १७ एप्रिल उजाडला. २०२४ मध्ये गाळप १५ नोव्हेंबरला सुरू होणार होतं आणि विधानसभेचं मतदान २० ला. ज्याने मुकादमाची उचल घेतलीय, त्याला फडावर पोचावंच लागतं.