आरोपी सुटला, आता पुढे काय?

दोन भावांची वावरे शेजारी शेजारी आहेत. थोरला म्हणतो, बांध तू माझ्याकडे सरकवलास. धाकटा म्हणतो, बांध वडिलांच्या वेळेपासून इथेच आहे. शब्दाने शब्द वाढतो, काठी उचलली जाते, धाकट्याचा हात मोडतो. पोलीस खटला भरतात. तारखांवर तारखा पडतात. शेवटी मॅजिस्ट्रेट निकाल देतात, थोरला निर्दोष! धाकट्याला वाटते, न्याय बुडाला आणि जमीनही गेली.

मंडळी, या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. त्या एकेक करून पाहू.

जमीन गेलेली नाही. फौजदारी कोर्ट पाहते ते एवढेच, की गुन्हा वाजवी शंकेपलीकडे शाबीत झाला की नाही. जमीन कोणाची, हे दिवाणी कोर्ट ठरवते. तिथे पुराव्याचे पारडे कोणाकडे झुकते, हे पाहतात. म्हणून मारहाणीच्या खटल्यात सुटलेला माणूस त्यामुळे जमिनीचा मालक ठरत नाही.

आता अपिलाचे पाहू. पोलिसांनी चालवलेल्या खटल्यात सरकार अपील करू शकते. पण करायचे की नाही, ते सरकार ठरवते. मग ज्याचा हात मोडला त्याने हात जोडून बसायचे काय? नाही. ३१ डिसेंबर २००९ पासून कायद्याने पीडिताला स्वतःचा अपिलाचा हक्क दिला आहे. १ जुलै २०२४ पासून नवा कायदा लागू झाला. त्याचे नाव भारतीय नागरिक सुरक्षा संहिता. तिच्या ४१३ व्या कलमात हा हक्क कायम आहे. मॅजिस्ट्रेटने आरोपीला सोडले असेल, तर पीडिताचे अपील सेशन्स कोर्टात जाते. त्यासाठी आधी परवानगी काढावी लागत नाही, असे सुप्रीम कोर्टाने २०१८ साली सांगितले. पीडित वारला असेल, तर त्याचे वारसही अपील करू शकतात.

पोलिसांकडून नव्हे, तर स्वतः कोर्टात तक्रार देऊन चालवलेल्या खटल्याचा नियम निराळा आहे. तिथे निकालापासून ६० दिवसांच्या आत हायकोर्टाकडे खास परवानगी मागण्याची तरतूद आहे. आपली वाट कोणती, हे वकिलाला लगेच विचारा. कोणत्याही वाटेने जा, पण निकालाची नक्कल मागण्यासाठी अर्ज लवकर द्या. मुदत कोणासाठी थांबत नाही.

पण एक गोष्ट पक्की ध्यानात धरा. सुटका झालेल्या माणसाच्या बाजूने निकालाचे बळ असते. एकाच पुराव्यावरून दोन मते निघू शकत असतील, तर वरचे कोर्ट सहसा सुटका मोडत नाही. म्हणून नुसते “मी खरे सांगतो” एवढ्याने भागत नाही. निकाल वाचून घ्या. वाचता येत नसेल, तर वाचून मागा. डॉक्टरांचा दाखला कोर्टाने पाहिलाच नाही काय? डोळ्यांनी पाहिलेल्या साक्षीदाराचे म्हणणे चुकीचे वाचले काय? अशी चूक दाखवता आली, तर अपिलात दम आहे. पण साक्षीदारच फिरले असतील आणि दुसरा पुरावा नसेल, तर अपिलात पैसा आणि वर्षे मात्र जातील.

आता सर्वांत महत्त्वाचे. अपिलाच्या नादात जमिनीची मुदत घालवू नका. कोणी जबरदस्तीने तुमच्या वावरातून तुम्हाला हुसकले, तर महाराष्ट्रात १९०६ च्या मामलेदार कोर्ट कायद्याखाली तहसीलदारांकडे ६ महिन्यांच्या आत दावा लावता येतो. दिवाणी कोर्टातही ताब्यासाठी ६ महिन्यांच्या आत दावा लावला, तर मालकी शाबीत करावी लागत नाही. तंटा बांधाचा असेल, तर भूमी अभिलेख कार्यालयात अर्ज देऊन मोजणी करून घ्या. एक सरकारी मोजणी दहा काठ्यांपेक्षा जास्त बोलते!

वकिलाला पैसे नाहीत, म्हणून घरी बसू नका. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते. बायामाणसे, अनुसूचित जाती-जमातींचे लोक, अपंग आणि कमी उत्पन्नाची माणसे यांना तिथे फुकट वकील मिळतो.

अपील करायचे ते निकालात चूक दिसते म्हणून करा, भावाला धडा शिकवायचा म्हणून करू नका. निकाल कोणताही लागो, उद्या सकाळी दोघांनाही त्याच बांधावरून जायचे आहे.