सहीवाचून झालेली कामे आणि सरकारचे देणे

सरकारी अधिकाऱ्याच्या सांगण्यावरून काम झाले, सरकारने ते वापरलेही, पण रीतसर करार नाही. अशा कामाचे पैसे सरकारने द्यावेत की नाही, या प्रश्नाचे भारतीय कायद्यातले उत्तर बंगालमधल्या एका वादातून ठरले. 1944 साली हुगळी जिल्ह्यातल्या आरामबाग येथे नागरी पुरवठा खात्याने बी. के. मंडल अँड सन्स या ठेकेदार पेढीकडून गोदामे बांधून घेतली. कच्चा रस्ता, पहारेकऱ्यांची खोली, कचेरी, स्वयंपाकघर, कारकुनांसाठी खोली हीही कामे झाली. आदल्याच वर्षीच्या दुष्काळाने प्रांत होरपळला होता आणि पुरवठा खात्याला थांबायला सवड नव्हती. अधिकाऱ्यांच्या पत्रांवर काम उरकले. पुढे पैशांचा वाद न्यायालयात गेला, तेव्हा सरकारने करारच झाला नसल्याचा पवित्रा घेतला.

त्या पवित्र्याला कायद्याचा आधार होता. 1935च्या भारत सरकार कायद्याच्या कलम 175(3) नुसार प्रांताचा करार गव्हर्नरच्या नावाने आणि अधिकृत अधिकाऱ्याच्या सहीनेच व्हायला हवा होता. राज्यघटनेच्या अनुच्छेद 299 ने हाच नियम पुढे चालवला. कोणाही अधिकाऱ्याच्या शब्दावर खजिना रिता होऊ नये, हा त्यामागचा हेतू रास्तच आहे. सर्वोच्च न्यायालयाने 1961 मध्ये भिखराज जयपुरिया खटल्यात ही औपचारिकता बंधनकारक ठरवली.

मंडल खटल्याचा निकाल त्याच वर्षी डिसेंबरमध्ये लागला. सातारचे प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिलेल्या या निकालात करार अवैध असल्याचे मान्य झाले. मात्र 1872 च्या करार कायद्याचे कलम 70 पुढे आणले गेले. काम कायदेशीरपणे झालेले असावे, ते फुकट करण्याचा हेतू नसावा आणि समोरच्याने त्याचा लाभ घेतलेला असावा. या तीन अटी पुऱ्या झाल्या की लाभ घेणाऱ्याने भरपाई द्यायची किंवा मिळालेली वस्तू परत करायची. नको असलेले काम नाकारण्याची मोकळीक सरकारला होतीच. गोदामे मात्र स्वीकारली आणि वापरली गेली. आधुनिक राज्यात अधिकाऱ्यांना निकडीच्या वेळी झटपट व्यवस्था करावी लागते, याचीही दखल निकालात आहे. करार मोडीत निघाला तरी देणे उरते, ही भूमिका न्यायाची होती, आणि आजही ठेकेदाराचा मुख्य आधार तीच आहे.

या आधाराच्या मर्यादाही लवकरच स्पष्ट झाल्या. 1968 च्या मूलमचंद खटल्यात न्यायालयाने म्हटले, की अवैध करार सरकारने मागाहून मान्य केला म्हणून तो वैध होत नाही. त्यामुळे ठेकेदार ठरलेला दर मागू शकत नाही, वाजवी भरपाईच मागू शकतो. ही भरपाई कशी मोजायची, याचे उत्तर पुण्याच्या एका वादात मिळाले. महापालिकेला मोटारींचे सुटे भाग पुरवले गेले होते, पण कराराची रीत पाळली गेली नव्हती. 1970 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुरवठ्याच्या वेळचा बाजारभाव हाच भरपाईचा निकष धरला.

बांधकामात मात्र बाजारभाव सांगून भागत नाही. काम किती झाले हे सिद्ध करावे लागते. तिथे मोजमाप पुस्तिका, म्हणजे एम.बी., निर्णायक ठरते. खोदाईची लांबी, रुंदी, खोली तिच्यात चढवून अभियंत्याने सही केली, की कामाचा पुरावा सरकारच्याच दप्तरात तयार होतो. ‘आधी काम सुरू करा, वर्क ऑर्डर मागून येईल’ या शब्दावर विसंबलेल्या ठेकेदाराच्या कामाची नोंदच झाली नसेल, तर कलम 70 चा दावाही लंगडा पडतो.

मुदतीचा नियम तर उघड विषम आहे. 1963 च्या मुदत कायद्यानुसार सरकारला दाव्यासाठी 30 वर्षे मिळतात. केलेल्या कामाचे पैसे मागणाऱ्याला, कराराने वेगळी वेळ ठरली नसेल तर, काम झाल्यापासून फक्त 3 वर्षे. शिवाय सरकारवर दिवाणी दावा लावण्याआधी सामान्यतः दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. 2019 मध्ये सूर्या कन्स्ट्रक्शन्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने, रकमेबद्दल वाद नसेल तर उच्च न्यायालयात रिट याचिका चालू शकते, असे सांगून ही वाट थोडी सुकर केली.

महाराष्ट्रात 2025 साली ठेकेदारांच्या संघटना थकीत बिलांसाठी रस्त्यावर उतरल्या, तेव्हा कळीचा मुद्दा कराराच्या सहीचा नव्हता. कामे मंजूर होती, पण त्यांच्या मागे पुरेसा निधी उभा नव्हता. अशा वेळी कायदा व्याजाची सोय करतो, पण ते व्याज पदरात पडेपर्यंत मजुरी, डिझेल आणि बँकेचे हप्ते ठेकेदारालाच भागवावे लागतात.